दोघींत एक लुगडं

“सोड गं लवकर. टिळकबाई नुसत्या झग्यावर उभी हाय तिकडं,” म्हणत कपडेपटातल्या भिमामावशीनं माझ्या ओच्याला हात घातला.

“राहू दे उभी. पाय मोडणार नाहीत तिचे.”

“तुझं तोंड लई चालतंय. तात्या वराडत्यात ते माझ्यावर.”

मी लुगडं सोडलं. जांभळं, जरीकाठी, नऊवारी. माझ्या अंगाची ऊब अजून त्यात होती, पाठीकडून ते घामानं थोडं ओलंही झालं होतं. भिमामावशीनं ते घडी न घालता तसंच हातावर घेतलं आणि पडद्यापलीकडे नेलं. पलीकडून आधी काकणांचा आवाज आला, मग “हात वर, हात वर करा की ओ बाई,” आणि मग टिळकबाईचं ते घशातलं हसू. माझं लुगडं दुसरी बाई नेसत होती. रोज, प्रत्येक शॉटनंतर.

मिरजेच्या बाहेर, तासगावच्या रस्त्याला कौस्तुभ सिनेटोनचा स्टुडिओ होता. आता तिथं लग्नाचं कार्यालय झालंय म्हणे. तेव्हा एकच बोलपट दोन भाषांत काढायची रीत होती. आधी मराठीचा शॉट घ्यायचा. मग तीच जागा, तेच दिवे, आणि हिंदीचा घ्यायचा. पुरुष नट दोन्हींत तेच असत. नायिका मात्र दोन. मराठीची मी, गोदावरी सांखळकर, आणि हिंदीची ती. आमचे मालक बापूशेठ आरवाडे म्हणायचे, “बाया दोन झाल्या, लुगडी कशाला दोन पाहिजेत? पडद्यावर दोघी एकदम थोड्याच दिसणार हायत?” त्यामुळे लुगडं एक, नथ एक, अंबाड्यावरचं फूलसुद्धा एक. तिच्यासाठी ते फूल मी माझ्या डोक्यातून काढून द्यायची.

तिचं नाव केलेमेन एतेल्का. त्यांच्याकडे आडनाव आधी लावतात. ती हंगेरीची. “म्हंजे निजामाच्या मुलखात का?” असं भिमामावशीनं पहिल्याच दिवशी विचारलं होतं. बापूशेठना ती मुंबईत एका फोटोवाल्याच्या दुकानात भेटली. केस काळे, डोळे काळे, नाक सरळ. कुंकू लावलं की काश्मिरी पंडिताची लेक वाटावी अशी. शेठनी तिचं नाव तिलकादेवी ठेवलं, भिमामावशीनं टिळकबाई केलं. मिरजेच्या बाजारात बायका तिला मिशनच्या दवाखान्यातली डॉक्टरीण समजायच्या आणि पोरांच्या जिभा दाखवायच्या. तीही गंभीरपणे बघायची आणि मान हलवायची.

तिच्याजवळ एक फोटोंची वही होती. बुडापेस्टला ती ऑपेरात मागच्या रांगेत नाचायची, तिथून मुक्या चित्रपटात गेली, मग बर्लिनला. पिसांच्या टोपीतली, घोड्यावरची, मेलेल्या नवऱ्याच्या छातीवर पडलेली एतेल्का. बोलपट आला आणि बर्लिनवाल्यांना तिचं जर्मन खेड्यातलं वाटू लागलं. म्हणून ती घरी परतली. घरच्या भाषेत चार-पाच विनोदी बोलपट केले, त्यात ती कायम नायिकेची मैत्रीण. आणि मग तिकडे कायदा झाला, की तिच्या जातीच्या, म्हणजे ज्यू लोकांनी नाटक-सिनेमात काम करायचं नाही. ती बोटीत बसली.

हे सगळं ती तात्यांना सांगायची. आणि तात्या ऐकायचे.

तात्या मिरीकर आमचे दिग्दर्शक. बेळगावला एका नाटकात त्यांनी मला पाहिलं आणि सांखळीला आमच्या घरी येऊन, आईच्या पुढ्यात मांडी घालून बसून, मला मागून घेतलं. आम्हा कलावंतिणींच्या घरात कुणी ब्राह्मण असं मांडी घालून बसत नसे. त्यांनी मला कॅमेऱ्यासमोर उभं राहायला शिकवलं. “गोदू बोलायला लागली की भिंतींना कान फुटतात,” असं ते चारचौघांत म्हणायचे. ते पक्के देशस्थ, पण दुपारी माझा डबा उघडला की बांगड्याच्या तिखल्याकडे बघून म्हणायचे, “पाण्यात उगवतं ते शाकच की गं,” आणि बोटं चाटून खायचे.

ती आली, आणि माझा डबा भरलेला परत जाऊ लागला. तात्या दुपारी तिच्याबरोबर बिनदुधाची कॉफी प्यायला लागले. तोंड वाकडं करून प्यायचे, पण प्यायचे.

“तात्या, जेवला नाही आज?”

“अगं, तिलकाबाई बर्लिनच्या दिव्यांचं सांगत होत्या. राहून गेलं.”

“दिव्यांनी पोट भरलं वाटतं.”

“गोदू, काही शिकायचं असतं माणसानं,” ते म्हणाले आणि निघून गेले.

मग एक दिवस त्यांनी क्रम बदलला. आधी हिंदी, मागून मराठी. म्हणजे आता ऊब तिची आणि लुगडं मला. तिच्या अंगाला एक परका साबणाचा वास यायचा. तो माझ्या खांद्यावर बसायचा. भिमामावशी निऱ्या घालताना मी श्वास धरून उभी राहायची.

“काय गं, फुगलीस कशाला? पोटावरनं सुटंल की लुगडं.”

“वास येतो.”

“चांगला येतोय की. मला तर फुलावानी वाटतोय.”

“मग तूच नेस.”

क्रम बदलल्यावर तात्यांची भाषाही बदलली. “तिलकाबाईंनी मान वळवली तशी वळव.” “तिलकाबाई इथं थांबल्या होत्या, तशी थांब.” “इतकं बोलू नकोस गं चेहऱ्यानं, तिलकाबाईंचं बघ, काही करत नाहीत आणि सगळं होतं.” मी बघायची. दिव्यांच्या मागे, अंधारात उभी राहून बघायची, आणि मला मेलीला दिसायचं, की खरंच ती काही करत नाही आणि सगळं होतं. हिंदी तिला येत नव्हतं. पाठ करून म्हणायची, त्यातही ‘ह’ नको तिथं यायचा. पण ती नुसतं वर बघायची आणि दत्तोबा कॅमेरामन, ज्यानं बायकोच्या बाळंतपणातसुद्धा तोंड उघडलं नसेल, तो म्हणायचा, “वा.”

मला दत्तोबा कधी ‘वा’ म्हणाला नव्हता.

शिरा पडो तिच्या तोंडावर, असं मी मनात म्हणायची. आणि ती माझ्याशी चांगलीच वागायची, हे आणखी वाईट. तिचं हिंदी लंगडं, माझंही लंगडं. दोन्ही एकमेकांना धरून चालायची. “तुम कैसा बोलता है गोदा! ऐसा... जैसे पानी,” असं म्हणून ती हातानं धबधबा करून दाखवायची. मला वाटायचं, ही चिडवते.

त्याच महिन्यात युरोपात लढाई लागली. बापूशेठनी आम्हाला दोघींना ऑफिसात बोलावलं. तात्याही होते.

“हे बघा,” शेठ म्हणाले, “कच्ची फिल्म मिळंना झालीय. दोन-दोन भाषांचा खेळ आता जमायचा न्हाई. पुढचं चित्र एकच, हिंदी. आणि बाई एकच.”

“कोण?” मी विचारलं.

“आधी हे पुरं होऊ द्या की. दोन्ही चित्रं जोडून तयार झाली की मी बसून बघतो. जिचं काम माझ्या काळजाला हात घालंल, ती. गोदाबाई, तुम्हाला हिंदी शिकाय लागंल. तिलकाबाई, तुम्हाला बी. दोघींचं सारखंच हाय त्यात.”

बाहेर आल्यावर एतेल्कानं मला विचारलं, “तुम नहीं मिलता काम, तो किधर जाता?”

“घर,” मी म्हटलं.

घर म्हणजे सांखळी. तिथं आईनं एक खाणीवाला सावकार बघून ठेवला होता. तो माझं गाणं ऐकायला दर महिन्याला येणार होता, आणि गाण्यानंतर राहणार होता. हे मी तिला सांगितलं नाही.

“और तुम?” मी विचारलं.

तिनं दोन्ही हात पसरले आणि तळवे रिकामे दाखवले. कंपनीचं काम असेपर्यंतच तिला इथं राहायची मुभा होती. परत जायला तिचं घर उरलं नव्हतं. मला ते कळत होतं. तरी मला तिची दया आली नाही. बाईला बाईची दया केव्हा येते? आपलं पोट भरलेलं असलं की.

चित्रातला शेवटचा प्रसंग घ्यायचा राहिला होता. सरदारघराण्यातली थोरली सून. नवरा सवत आणतो. ती वर्षभर सोसते आणि शेवटी परसदारानं घर सोडून जाते. जाण्याआधी तिचं पानभर भाषण होतं. त्या भाषणावरच माझी भिस्त होती. तोंड बंद ठेवून काळीज हलवणं तिचं. पण बोलून हलवणं माझं. तिनं किती डोळे उचलले तरी ते भाषण तिच्या बापाला जमलं नसतं. शेठनी एकदा ते ऐकलं की झालं.

त्या सकाळी हिंदीचं आधी घेतलं. मी बघायला गेले नाही. कपडेपटाच्या खोलीत नुसत्या झग्यात बसून भाषण घोकत राहिले. बराच वेळ लागला. मग लुगडं आलं, तो साबणाचा वास आला. मी नेसून बाहेर गेले.

दगडी अंगणाचा देखावा उभा केला होता. लांब अंगण, टोकाला परसदार, दाराच्या मागे खरंच स्टुडिओचं मागचं आवार. सवतीचा नवरा, म्हणजे माझा नवरा झालेला नट, पाटावर बसून विडी ओढत होता. एतेल्का दिव्यांच्या बाजूला झग्यावर उभी होती. हातात भाजलेल्या शेंगांचा पुडा.

“गोदू,” तात्या म्हणाले, “भाषण काढलंय मी.”

“काय काढलंय?”

“भाषण. तिलकाबाईंनी आत्ता न बोलता केलं. काय झालं म्हणून सांगू! ती नुसती बघते त्याच्याकडे. बस. मला कळलं की आपण उगाच शब्दांचा ढीग घातला होता. तूही तसंच कर. बघ, वळ आणि जा.”

“तिला भाषण येत नव्हतं म्हणून ती बोलली नाही, तात्या.”

“तसं नाहीय ते.”

“तसंच आहे. लंगड्याला नाचता येत नाही, तर आता सगळ्यांनी बसूनच नाचायचं का?”

कुणीतरी हसलं. तात्यांचा चेहरा लाल झाला.

“गोदावरी,” त्यांनी पहिल्यांदाच मला पूर्ण नावानं हाक मारली, “इथं दिग्दर्शक कोण आहे?”

“मला वाटत होतं तुम्ही आहात.”

“एकदा मी सांगतो तसं कर. मग तुझ्या भाषणाचं बघू.”

मी जागेवर जाऊन उभी राहिले. दिवे लागले. तात्यांनी खूण केली. मी नवऱ्याकडे बघायचं होतं. मी बघितलं, पण त्याच्या खांद्यावरून मला पलीकडची एतेल्का दिसली. शेंग सोलता सोलता ती थांबली होती आणि माझ्याकडे बघत होती. मान थोडी कलती करून. जशी परीक्षा घ्यायला बसलीय. तात्याही माझ्याकडे बघत नव्हते, तिच्याकडे बघत होते. मी बरं करते की नाही, ते तिच्या तोंडावर वाचत होते.

मला वाटलं, घ्या. घ्या तुमचं परसदार, घ्या तुमचं चित्र.

मी वळले आणि चालू लागले. अंगण ओलांडलं, दार ढकललं, मागच्या आवारात आले, तिथून चिंचेखालच्या हौदापर्यंत गेले आणि हौदाच्या कट्ट्यावर बसले. अभिनय वगैरे काही नाही. मी चक्क निघून आले होते.

भिमामावशी धावत आली. “अगं बया, असं टाकून येतंय व्हय कुणी? शेठ आल्यात.”

शेठना काय वाटलं कोण जाणे, त्यांनी दोन्ही बाजूंना चुचकारलं. “तात्या, घ्या की ओ तिचं भाषण. मराठी लोकांना लागतं भाषण.” मी डोळे पुसून परत उभी राहिले आणि बोलले. असं बोलले, की पाटावरच्या नवऱ्याची विडी विझली. तात्या मात्र पुढचे सगळे दिवस माझ्याशी कामापुरतंच बोलले.

दिवाळीच्या तोंडावर दोन्ही चित्रं जोडून झाली. स्टुडिओतच एक छोटं थेटर होतं, वेताच्या खुर्च्यांचं. शेठ मधे बसले. त्यांच्या एका हाताला तात्या आणि दत्तोबा, दुसऱ्या हाताला मी आणि एतेल्का. भिमामावशी दाराशी खाली बसली.

सकाळी मराठी दाखवलं. माझं भाषण झालं तेव्हा भिमामावशीनं नाक ओढलं. शेठ म्हणाले, “झ्याक. खणखणीत.” मला बरं वाटलं, पण ‘खणखणीत’ हे आपण भांड्याला म्हणतो.

जेवणानंतर हिंदी लागलं. एतेल्काचे ते ‘ह’ ऐकून शेठ दोनदा हसले. माझ्या जिवात जीव आला. मग शेवटचा प्रसंग आला. तिचा चेहरा पडदाभर. ती नवऱ्याकडे बघते. तेच ते, काही न करता सगळं. ठीक आहे, मी मनात म्हटलं, हे मला ठाऊक होतं. आता वळेल आणि जाईल.

आणि मग ती पाठ आली.

लांब अंगण, आणि त्यातून पाठमोरी चाललेली ती बाई. कसं सांगू? उजवा खांदा किंचित वर, जणू कुणी मागून हात ठेवील आणि तो झटकायचाय. डाव्या हातानं पदर कमरेशी ओढून घट्ट धरलेला. पावलं जोरात नाहीत, पण प्रत्येक पाऊल त्या घरावर ठेवलेलं. मान वळत नाही. मान वळू नये म्हणून ती किती जपते, ते त्या मानेवरूनच कळतं. दाराशी पोचल्यावर ती दार हातानं उघडत नाही, खांद्यानं ढकलते. हात रिकामे होते तरी खांद्यानं. दार मागे हलत राहतं. बस.

शेठनी टोपी काढून मांडीवर ठेवली आणि डोळ्याला बोट लावलं.

मी खुर्चीच्या वेताला धरून बसले होते. माझ्या आयुष्यात तोवर मला कुणाचा इतका हेवा वाटला नव्हता, आणि नंतरही नाही. ही आमची चाल. ओढ्यावरून भांडून घरी येणाऱ्या बाईची, सासर सोडून माहेरच्या वाटेला लागलेल्या बाईची. माझी आई अशी चालायची. ही कुठून आली बोटीत बसून, हिला नऊवारी नेसता येत नाही, भिमामावशी खोचून देते तेव्हा उभी राहते, आणि हिनं हे कुठून उचललं? चेहरा तिचा होता, तो मी सोडून दिला होता. पण ही पाठ माझी असायला हवी होती. मी त्या प्रसंगात पानभर बोलले होते, आणि हिनं पाठ फिरवून माझ्या सगळ्या शब्दांवर पाणी ओतलं होतं. मला रडू आलं, आणि ते कौतुकाचं नव्हतं.

दिवे लागले.

“ठरलं,” शेठ घसा साफ करून म्हणाले. “मला आणि काय बघायचं न्हाई. ह्या पाठीवर मी अख्खं चित्र काढीन. पुढची बाई तिलकाबाई. गोदाबाई, तुम्ही वाईट वाटून घिऊ नका.”

मी मान हलवली. एतेल्काकडे बघायचं मी टाळलं. पण शेजारी काही हालचाल होईना, तेव्हा बघितलं. ती पडद्याकडेच बघत होती. कोऱ्या पडद्याकडे. तोंडावर आनंद नव्हता. चिडल्यासारखी दिसत होती.

“शेठ,” ती म्हणाली, “वो पीठ मेरा नहीं.”

“काय म्हणतात?” शेठनी तात्यांना विचारलं.

तात्या खाली बघत होते.

“मेरा पीठ मैं पहचानता,” ती म्हणाली. “बर्लिन में तीन साल मेरा सिर्फ पीठ लिया. बड़ी हिरॉईन थी, वो दूर का शॉट नहीं करती, धूप में नहीं चलती. तो मैं चलता. तीन साल उसका पीठ मैं था. मेरा पीठ ऐसा नहीं चलता.” तिनं माझ्याकडे बोट केलं. “ये गोदा है.”

मी हसलेच. “काहीतरीच,” मी म्हटलं. “मी अशी चालले नाही. मी तर बोलले.”

“बोलण्याआधी,” दत्तोबा हळूच म्हणाला. “बाई, तुम्ही रागानं निघून गेलात ना, तवा मी कॅमेरा बंद केला न्हवता.”

“तात्या?” शेठ म्हणाले.

तात्यांनी चष्मा काढून पुसला. “तिलकाबाईंचा चेहरा अप्रतिम झाला. चालणं मात्र... अनवाणी दगडावर त्यांना चालवेना. तीन वेळा घेतलं. तापल्या वाळूवरून चालल्यासारखं दिसत होतं. पाठ कुणाची ते लांबून कळत नाही, लुगडं एकच. मी गोदूचं जोडलं.”

“मला विचारलं नाहीत?” मी म्हटलं.

“तू बोलत होतीस का माझ्याशी?”

“तुम्ही बोलत नव्हता, तात्या.”

“पुन्हा लावा ते रीळ,” शेठनी सांगितलं.

पुन्हा लागलं. मी पुन्हा बघितलं. भिमामावशी दारातून म्हणाली, “अगं व्हय की. हिचाच खांदा. मी रोज त्या खांद्यावर पदर टाकतीया आन् मला बी कळलं न्हाई!” सगळ्यांना आता ओळखू येत होती. मला अजूनही येत नव्हती. माणसाला आपला चेहरा ठाऊक असतो, आवाज ठाऊक असतो. पाठ कुणी बघितलीय? पडद्यावर एक परकी बाई चालली होती, आणि मला तिचा तितकाच हेवा वाटत होता.

शेठनी बराच वेळ विचार केला. ते व्यापारी माणूस. त्यांचा विचार तोंडावर दिसायचा, वजनकाट्यासारखा हळूहळू स्थिर व्हायचा.

“चेहरा हिचा,” ते म्हणाले, “पाठ तिची. चित्र जमलं ते दोन्हींनी मिळून. मग मोडायचं कशाला? लोकांना हिरॉईन एकच दिसली की, बास. तिलकाबाई पुढनं, गोदाबाई मागनं. पगार चालू राहील, गोदाबाई. नाव तेवढं तिलकाबाईंचं. कसं?”

तात्या म्हणाले, “गोदू, हे वाईट नाही. तू राहशील इथं.”

एतेल्का झटक्यानं माझ्याकडे वळली. “मत लो,” ती म्हणाली. “तीन साल मैंने लिया. बाद में चेहरा लेके जाओ, तो बोलते हैं, तुम तो पीठ है.”

मला वाटलं, सोपं आहे तुला सांगणं. तुझी जागा झाली. आणि त्याच वेळी मला दिसत होतं, की तिनं तोंड उघडलं नसतं तर मला जन्मात कळलं नसतं. चांगुलपणाचाही हेवा वाटतो माणसाला. तोही तिनंच आधी करून टाकला होता, आणि मला मागून तसंच करायला उरलं होतं.

सांखळीचा तो सावकार डोळ्यांपुढे आला. पुढं मला मुंबईला रेडिओत काम मिळालं, तिथं पाठही लागत नाही आणि चेहराही. पण त्या दुपारी मला ते कुठं ठाऊक होतं?

“नको, शेठ,” मी म्हटलं. “मला चेहरा आहे.”

“गोदू, बस जरा,” तात्या म्हणाले.

“तुमची कॉफी निवेल, तात्या.”

मी उठले आणि थेटराबाहेर पडले. बाहेर ऊन होतं. फाटकापर्यंत खडीची लांब वाट होती. मी दहा-पंधरा पावलं गेले असेन, आणि माझ्या लक्षात आलं, की आपण चाललोय आणि आपल्याला पाठ आहे. उजवा खांदा कुठं ठेवायचा कळेना. हात जड झाले. मी थांबले आणि मागे वळून बघितलं.

एतेल्का थेटराच्या दारात उभी होती. मला वाटलं, निरोप द्यायला आलीय. पण ती माझ्या तोंडाकडे बघतच नव्हती. तिचे डोळे माझ्या खांद्यावर, कमरेवर, पावलांवर फिरत होते. ओठ घट्ट मिटलेले. तिचा स्वतःचा उजवा खांदा किंचित वर गेला होता आणि डावा हात झग्याच्या कमरेपाशी, तिथं नसलेला पदर ओढत होता. जमत नव्हतं तिला. ते जमत नाही याचा राग तिच्या सबंध तोंडावर पसरला होता. तो राग मला नवा नव्हता. दिव्यांमागच्या अंधारात उभी राहून मी तोच घेऊन दोन महिने तिच्याकडे बघत आले होते.

मी वळले म्हणून ती वैतागली. हातानं खूण करून ओरडली, “घूमो! जाओ, जाओ! चलो ना, गोदा. मुझे देखने दो.”

त्या दिवसात पहिल्यांदा मला आतून गार वाटलं.

मी काही वळले नाही. तोंड तिच्याकडे ठेवून, पदर नीट सावरून, मी उलट्या पावलांनी मागे मागे सरकत गेले. खडीवर दोनदा अडखळले, तरी वळले नाही. फाटकाशी पहारेकरी उभा होता. देवळातून निघताना देवाला पाठ दाखवू नये म्हणून बायका अशाच निघतात. त्यानं माझ्याकडे बघितलं, मग दारातल्या त्या गोऱ्या बाईकडे बघितलं, आणि गडबडून त्यानंही तिला हात जोडले.